फुलांच्या चहाची चाळण

मित्रांनो, या स्वयंपाकघरात शिरलात की उजव्या हाताच्या भिंतीकडे पाहा. खिळ्याला एक गोल वस्तू टांगलेली दिसेल. तिला लाकडाचं कडं आहे, कड्याला एका जागी तांब्याच्या तारेचे टाके आहेत आणि मधोमध पितळेच्या बारीक तारांची जाळी आहे. जाळी एका कोपऱ्यात थोडी खोल गेलेली आहे. गोल वस्तूला कोपरा नसतो हे मला ठाऊक आहे, पण या घरात सगळे तसंच म्हणतात. ती वस्तू म्हणजे मी. वयाने जुनी झालेली, पण अजून कामावर असलेली चाळण.

दोन इमारतींच्या मधल्या बोळात, पत्र्याच्या छपराखाली माझा जन्म झाला. चाळणी करणारा म्हातारा लाकडाची पातळ पट्टी गरम पाण्यात भिजवायचा, ती मऊ पडली की पिंपाभोवती वाकवून बांधून ठेवायचा. पट्टी वाळून गोल झाली की तिच्यात जाळी ताणायची, वरून दुसरं कडं ठोकायचं आणि खिळे मारायचे. शेवटी तो जाळीवर टिचकी मारून ऐकायचा. आवाज बसका आला तर सगळं उसवून पुन्हा ताणायचा. "ढिली जाळी म्हणजे रुसलेला माणूस," तो गिऱ्हाइकांना सांगायचा. "कितीही हलवा, आतलं काही बाहेर यायचं नाही." माझ्यावर मारलेली टिचकी छान खणखणली होती. मला अजून ती आठवते.

मला विकत घेतलं ते वहिनींनी. त्या घरी पाव भाजून विकत. त्यांच्या यजमानांनी मला हातात घेतलं, कडं दाबून पाहिलं आणि म्हणाले, "धरायला बरी आहे." एवढ्यावर सौदा झाला.

पुढची कित्येक वर्षं मी पीठ चाळलं. उजाडायच्या आत वहिनी मला खिळ्यावरून काढत. त्यांच्या मनगटाला एक लय होती. दोन्ही हातांत धरून त्या मला अशा झुलवत की पीठ खाली परातीत भुरभुरत पडे आणि गाठी, कोंडा, कधी पोत्याचा सुतळीचा धागा वर राहून जाई. काम झालं की कोरड्या फडक्याने पुसून मला पुन्हा खिळ्यावर टांगत. पाण्याचा थेंब त्यांनी मला लागू दिला नाही. "हिच्यामुळे माझा पाव हलका होतो," असं त्या येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगत. मित्रांनो, चाळणीला आणखी काय हवं असतं?

मग यजमान आजारी पडले आणि त्यातच गेले. वहिनींनी काही दिवस भट्टी पेटवली नाही, नंतर पुन्हा पेटवू लागल्या. घरात पूर्वी दोघांची बोलणी चालत, आता फक्त पीठ भुरभुरल्याचा आवाज येई.

अशा घरात ताई राहायला आल्या. ताई म्हणजे यजमानांची धाकटी बहीण, वहिनींची नणंद. त्या एका मोठ्या रेल्वे स्थानकावर उद्घोषिका होत्या. गाडी कुठे लागणार, कुठली गाडी उशिरा येणार, कुणाचं मूल हरवलंय, हे सगळं त्यांच्या आवाजात लोकांना कळत असे. रुळांच्या पलीकडच्या वस्तीतसुद्धा तो आवाज ऐकू जायचा, असं म्हणतात. मी तो कधीच ऐकला नाही. त्या आल्या तेव्हा घशातल्या गाठीचं ऑपरेशन होऊन गेलं होतं, नोकरी संपली होती आणि नोकरीबरोबर मिळालेलं घरही सुटलं होतं. त्यांच्यासोबत एक ट्रंक होती आणि फुलझाडांच्या कुंड्याच कुंड्या.

डॉक्टरांनी त्यांना सांगितलं होतं की आवाज येईल, पण पूर्वीचा नाही. वापरलात तर येईल, नाहीतर तोही नाही. एका सकाळी घरात कुणी नसताना त्यांनी ओट्याशी उभं राहून वापरून पाहिला. "प्रवाशांनी कृपया..." एवढंच म्हणाल्या. गंजलेली बिजागरी कुरकुरावी तसा आवाज निघाला. त्यांनी तोंडावर हात ठेवला. त्या दिवसापासून त्या मानेने, हाताने, भुवयांनी बोलू लागल्या.

वहिनी त्यांच्याशी वाईट वागत नव्हत्या. "ताई, तुम्ही जेवून घ्या," "ताई, तुमचे कपडे वाळलेत," असं सगळं अहो-जाहो सांभाळून चाललेलं असे. एकमेकींच्या वाटेत येऊ नये म्हणून दोघी अंग चोरून वावरत. घरात दोन पाहुण्या असाव्यात आणि यजमान कुणीच नसावं, तसं ते घर होतं.

स्थानकावरच्या कुणा मैत्रिणीने ताईंना सांगितलं होतं की फुलांचा चहा घशाला बरा. ताईंनी ते मनावर घेतलं. पहिल्या खेपेला त्यांनी गुलाबाच्या पाकळ्या कडक उन्हात कागदावर पसरल्या. दुपारपर्यंत त्या तपकिरी होऊन गेल्या आणि त्यांचा वासही उडाला. दुसऱ्या खेपेला पाकळ्या पुरत्या वाळायच्या आतच बरणीत भरल्या. थोड्या दिवसांनी झाकण उघडलं तर आत पांढरी बुरशी. ताई बराच वेळ त्या बरणीकडे बघत बसल्या. मग त्यांची नजर वर गेली आणि माझ्यावर थांबली.

खरं सांगायचं तर माझ्यासारखी जागा पाकळ्यांना दुसरी मिळणार नाही. वरून हवा, खालून हवा. ताईंनी मला सावलीत दोन खुर्च्यांच्या मध्ये ठेवलं आणि पाकळ्या एकीवर दुसरी चढणार नाही अशा मांडल्या. पिठाचं ओझं वागवणाऱ्या माझ्या जाळीला त्या आहेत की नाहीत तेही कळेना.

वहिनींना मात्र लगेच कळलं.

"ताई, ही पिठाची चाळण आहे."

ताईंनी हाताने दाखवलं, पुसून देते.

"पुसून वास जातो का? माझ्या पावाला उद्या अत्तराचा वास आला तर लोक तोंडावर फेकतील माझ्या!"

आणि तसंच झालं. फेकले कुणी नाहीत, पण पाव घेणाऱ्या उपाहारगृहाचा मालक दुसऱ्या दिवशी दारात उभा राहून म्हणाला, "वहिनी, आज पाव न्हाऊनधुऊन आलेत वाटतं." तो हसला, वहिनी हसल्या नाहीत. संध्याकाळी त्यांनी बाजारातून स्टीलची नवी चाळण आणली, मला ताईंच्या खोलीच्या दाराशी ठेवलं आणि म्हणाल्या, "घ्या. ही तुम्हालाच राहू द्या."

त्या बोलण्यात देण्यापेक्षा टाकणं जास्त होतं. मित्रांनो, इतक्या वर्षांच्या चाकरीनंतर भिंतीवरची आपली जागा चकचकीत पोरीला द्यावी लागते तेव्हा कसं वाटतं, ते मी वेगळं सांगत नाही.

पण नवं कामही काम होतं, आणि ताईंनी ते मन लावून शिकून घेतलं. फुलं सकाळी खुडायची, दव उडल्यावर आणि ऊन तापायच्या आत. कुंडीतलीच घ्यायची, फुलवाल्याकडची नाहीत, कारण त्यांच्यावर औषध मारलेलं असतं. प्रत्येक फूल झटकून आतली किडा-मुंगी घालवायची. गुलाबाच्या पाकळीचं बुडाचं पांढरं टोक कडू असतं, ते नखाने खुडून टाकायचं. जास्वंदीचा मधला दांडा काढायचा. शेवंती देठ तोडून उलटी ठेवायची. रोज एकदा हलक्या बोटांनी सगळ्यांची कूस बदलायची. पाकळी कागदासारखी कुरकुरली की मगच बरणीत भरायची आणि बरणी अंधाऱ्या कपाटात ठेवायची. चहा करताना पाणी उकळून आधी गॅस बंद करायचा, मग पाकळ्या टाकून वर झाकण. फुलं उकळली की त्यांचा काढा होतो. मध घालायचा तो चहा कोमट झाल्यावर. गोकर्णीच्या फुलांनी पाणी शाईसारखं निळं व्हायचं आणि लिंबाचा थेंब पडला की जांभळं. ताई तो थेंब नेहमी अगदी सावकाश पाडत.

रोज दुपारी त्या एक कप वहिनींच्या भट्टीजवळ नेऊन ठेवत. वहिनी म्हणत, "ठेवा, घेते नंतर." आणि ताई वळल्या की कप मोरीत रिकामा होई. वहिनींना दुधाचा, दाट, जीभ भाजेल असा चहा लागे. शेजारणीला त्या हळूच म्हणाल्या होत्या, "गरम पाण्यात फुलं बुडवली की चहा होत नाही हो, फुलं बुडतात." ताईंना हे सगळं माहीत होतं. तरी कप ठेवणं त्यांनी थांबवलं नाही.

या चहाचा एक भक्त मात्र होता. वरच्या मजल्यावर राहणारे, शाळेत खेळ शिकवून निवृत्त झालेले मास्तर. गळ्यातली शिट्टी त्यांनी निवृत्तीनंतरही काढली नव्हती, म्हणून सगळे त्यांना शिट्टीमास्तर म्हणत. माणूस मनाने मोठा, पण कामात उतावळा. ताईंचा चहा प्यायला की ते इतकं कौतुक करत की ताई लाजून आत जात.

आता त्या दिवसाचं सांगते. ताई सकाळीच घशाच्या डॉक्टरांकडे गेल्या होत्या. आवाज याहून सुधारेल की नाही, ते त्या दिवशी पक्कं कळणार होतं. निघताना त्यांचा चेहरा इतका उतरलेला होता की वहिनी पिठाच्या हातांनीच त्यांच्यामागे दारापर्यंत गेल्या. मी गॅलरीत होते, अंगावर गुलाबाच्या थोड्या पाकळ्या होत्या.

थोड्या वेळाने शिट्टीमास्तर आले. हातात रुमालभर गुलाबी फुलं.

"ताई नाहीत का? त्यांना सांगा, रस्त्याकडेच्या कुंपणावर नुसता बहर आलाय. म्हटलं, चहाला होतील."

वहिनींचे हात पिठात होते. "चाळणीत टाका मास्तर," त्या आतूनच म्हणाल्या.

मास्तरांनी फुलं माझ्यावर ओतली, त्यांच्याबरोबर एक-दोन लांबट चिवट पानंही आली. मित्रांनो, मला वजन कळतं, ओल कळते. जात कळत नाही. ती फुलं मला बाकीच्या फुलांसारखीच हलकी वाटली.

दुपार झाली. वहिनींनी पाव भट्टीत सारले, भट्टीवरचा धूर ओढणारा पंखा लावला आणि घड्याळाकडे पाहिलं. मग गॅलरीत येऊन मला उचललं आणि आत टेबलावर ठेवलं. पातेल्यात पाणी उकळलं. गॅस बंद केला. पाकळ्या आणि ती ताजी फुलं मूठभर टाकून वर झाकण ठेवलं. त्यांनी कधी नीट बघितलंय असं वाटलं नव्हतं, पण सगळं बघून ठेवलेलं होतं. दोन कप मांडले. ताई घरी येतील तेव्हा चांगली बातमी असो की वाईट, समोर चहा तयार असावा, एवढंच त्यांच्या मनात असणार. पण पहिल्यांदाच केलेला, म्हणून आधी स्वतः चाखून पाहिला. तोंड कडू झालं. आणखी मध घातला आणि पुन्हा एक घोट घेतला.

तेवढ्यात मागचं दार उघडून ताई आल्या.

त्यांनी टेबलावर मला पाहिलं. माझ्यावर उरलेली फुलं पाहिली, ती लांबट पानं पाहिली. मग पाहिलं की वहिनी तिरप्या उभ्या आहेत, नजर भट्टीकडे आहे आणि कप पुन्हा ओठांकडे चाललाय. ताईंनी तोंड उघडलं. नुसती हवा बाहेर आली. वर पंखा घोंघावत होता. मध्ये अख्खं टेबल होतं.

ताईंनी मला उचललं आणि सगळ्या ताकदीनिशी फेकलं.

मी कपावर आदळले, तिथून भिंतीवर, तिथून जमिनीवर. कपाचे तुकडे झाले. माझ्या कड्यातून कटकन आवाज आला.

"वेड लागलंय का तुम्हाला?" वहिनी ओरडल्या. "तुमच्या फुलांना हात लावला म्हणून एवढं?"

आणि मग तो आवाज आला. फाटका, चिरका, पण पंख्याच्या वरून ऐकू येणारा.

"थुंक! थुंक ते! कण्हेर आहे ती!"

वहिनींनी तोंडातलं तिथेच थुंकलं. मग मोरीकडे धावल्या.

पुढे सगळं भराभर झालं. ताईंनी भट्टी बंद केली, जमिनीवरची फुलं गोळा करून पुन्हा माझ्यात टाकली आणि मला फडक्यात बांधून घेऊन वहिनींना टॅक्सीत बसवलं. चालकाने विचारलं, "कुठं?" त्यांनी सांगितलं. त्याला ऐकू आलं नाही, तर पुन्हा सांगितलं. दवाखान्याच्या खिडकीतली बाई म्हणाली, "जरा मोठ्याने बोला ना." ताई मोठ्याने बोलल्या. बाकांवरच्या लोकांनी वळून पाहिलं. ताईंनी त्यांच्याकडे लक्ष दिलं नाही.

डॉक्टरीणबाई तरुण होत्या. "काय प्यायल्या?" त्यांनी विचारलं. ताईंनी मला त्यांच्या पुढ्यात धरलं.

"फुलं बरोबर आणलीत, फार बरं केलंत," फुलं निरखत त्या म्हणाल्या. "नाहीतर शोधण्यात वेळ गेला असता. किती घोट?"

"दोन," वहिनी म्हणाल्या, आणि तिथेच त्यांना उलटी झाली.

त्यांच्या छातीला वायरी लावल्या. पडद्यावर एक हिरवी रेघ उड्या मारत होती. मधूनच तिच्या उड्यांमधलं अंतर वाढे, तेव्हा परिचारिका धावत येई आणि ताई खुर्चीचा हात घट्ट धरत. मी त्याच खुर्चीखाली होते. कण्हेर थेट हृदयावर जाते, हे मला तिथे कळलं. संध्याकाळी उशिरा ती रेघ एका चालीत चालू लागली. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "थोडक्यात निभावलं. उद्यापर्यंत इथेच राहू द्या."

त्या गेल्या. मग वहिनी छताकडे बघत म्हणाल्या, "तुम्ही मला 'थुंक' म्हणालात."

"म्हणाले."

"इतक्या वर्षांत पहिल्यांदा एकेरीत."

"पुढच्या वेळी 'प्रवाशांनी कृपया थुंकावे' म्हणेन."

वहिनींना हसू फुटलं, हसताना वायर ओढली गेली आणि यंत्र पिंपिं करायला लागलं. परिचारिका दटावून गेली.

"आवाज अगदी फुटक्या भोंग्यासारखा झालाय हो तुमचा," वहिनी म्हणाल्या.

"डॉक्टरांनी आज तेच सांगितलं. आता असाच राहणार."

वहिनींनी वायरींमधून हात काढला आणि ताईंच्या हातावर ठेवला. "असू दे. मला ऐकू येतं."

घरी परतल्यावर शिट्टीमास्तर दारात उभे होते, चेहरा पांढराफटक. "मला वाटलं, गुलाबी आहे म्हणजे गुलाबाचीच काहीतरी जात असेल."  ताईंनी त्यांना सरळ त्या कुंपणापाशी नेलं, फूल आणि पान दाखवलं आणि त्या चिरक्या आवाजात समजावून सांगितलं. आता त्या कुंपणाजवळ मुलांचा चेंडू गेला तरी मास्तर वरच्या मजल्यावरून शिट्टी फुंकतात. मुलं वैतागतात. मास्तर ऐकत नाहीत.

माझं कडं चिरलं होतं, जाळी एका बाजूला खोल गेली होती. काही दिवस मी पलंगाखाली पडून होते. वाटलं, आता संपलं. पण एक दिवस वहिनी मला घेऊन कोपऱ्यावरच्या चपला शिवणाऱ्याकडे गेल्या. त्याने मला उलटसुलट करून पाहिलं. "बाई, मी चपला शिवतो."

"मग हिला चप्पल समजा," वहिनी म्हणाल्या.

त्याने अरीने भोकं पाडली आणि तांब्याच्या तारेने टाके घातले. "घ्या. फक्त घालून चालू नका," तो म्हणाला. घरी आल्यावर वहिनींनी मला पुन्हा स्वयंपाकघरातल्या खिळ्यावर टांगलं.

फुलांच्या चहाने ताईंचा आवाज परत आला नाही. घसा शेकला जातो, बरं वाटतं, एवढंच. ताई हे स्वतःच सगळ्यांना सांगतात. आता इमारतीतल्या बायका, पुरुष, मुलं त्यांच्याकडे चहा शिकायला येतात. पहिल्या दिवशी त्यांनी तोंड उघडलं तेव्हा मागच्या मुलांना हसू आवरलं नाही. ताई थांबल्या, हसणं संपू दिलं, आणि जिथे थांबल्या होत्या तिथून पुढे सांगू लागल्या. कुठलं फूल चालतं त्याआधी त्या कुठलं चालत नाही ते शिकवतात.

मित्रांनो, माझी आता जास्त वर्षं उरलेली नाहीत. तारा झिजल्यात, बारीक पाकळ्या खाली गळतात. म्हणून जाता जाता थोडं मागते. तुमच्या घरी माझ्यासारखी कुणी असेल तर तिला भिजत टाकू नका. कोरडी पुसा आणि टांगून ठेवा. ज्या फुलाचं नाव पक्कं माहीत नाही ते कितीही सुंदर असलं तरी कपात टाकू नका, झाडावरच राहू द्या. आणि तुमच्या घरात कुणाचा आवाज बसलेला असेल, चिरलेला असेल, म्हातारपणाने बारीक झालेला असेल, तर ते माणूस बोलू लागल्यावर नळ बंद करा, हातातलं भांडं खाली ठेवा आणि त्याच्याजवळ जाऊन उभे राहा. त्याला पुरतं बोलू द्या.

मला ओरडता येत नाही. अशा माणसांना येतं, फक्त थोडा वेळ लागतो.